काका, तुमच्या मागे डेपो होता

काका, नमस्कार.

सोलापूरहून स्वतःच्या गाडीनं हिमाचलातल्या स्पितीला जाण्याबद्दल मी जे लिहिलं, त्याखालची तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. पहिल्यांदा वाचली तेव्हा राग आला, खोटं कशाला सांगू. रात्री जेवणानंतर परत वाचली तेव्हा निम्मी पटली. उरलेल्या निम्म्यासाठी हे उत्तर. लांबलंय, सांभाळून घ्या.

ज्यांनी प्रतिक्रिया वाचली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. काका एसटीत एकतीस वर्षं ड्रायव्हर होते. त्यांचं म्हणणं असं की माझी सामानाची यादी ही निव्वळ हौस आहे. कॉम्प्रेसर, चाकाखाली घालायच्या फळ्या, सॅटेलाइटवरून संदेश पाठवायचा डबा, दोन स्टेपन्या. "गाडीत माणसं बसवणार का दुकान मांडणार?" टायरची हवा कमी करायचा सल्ला धोक्याचा आहे, टायर रिंग सोडतो. पाण्यात गाडी बंद पडली तर सेल्फ मारू नये, हे लिहायचं मात्र मी विसरलो. आणि शेवटी: "आम्ही अक्कलकोट, मंगळवेढ्याच्या खेड्यांत भर पावसात मुक्कामी गाड्या नेल्या. काळ्या मातीत फसल्या की मागच्या चाकाला काथ्याचा दोर गुंडाळून काढल्या. रिकाम्या रस्त्याचं इतकं भ्या घालू नका पोरांना."

आधी चुका कबूल करतो.

सेल्फचं तुमचं शंभर टक्के बरोबर, आणि ते राहून गेलं याची लाज वाटते. इंजिननं हवेच्या वाटेनं पाणी ओढलं असेल आणि आपण घाबरून चावी फिरवली, तर पिस्टन वर येतो आणि त्याला पाणी आडवं येतं. हवा दाबली जाते, पाणी दाबलं जात नाही. मग वाकतो तो कनेक्टिंग रॉड. डिझेल गाडीत तर हमखास, कारण तिथं दाब मुळातच जास्त. बंद पडली की बंद राहू द्यायची, ढकलून किंवा ओढून बाहेर काढायची आणि मेकॅनिकनं पाणी काढल्याशिवाय चावीला हात लावायचा नाही. मूळ लेखात हे आता घातलंय.

दुसरी चूक तुम्ही नुसती शंका म्हणून विचारली होती: "हा डबा कायद्यात बसतो का?" नाही बसत, काका. आपल्याकडे सॅटेलाइट फोन सरकारच्या परवानगीशिवाय बाळगता येत नाही, आणि खिशात मावणारी संदेश पाठवायची जी परदेशी यंत्रं मिळतात तीही त्यातच येतात. अशी यंत्रं सामानात सापडली म्हणून परदेशी पाहुण्यांना विमानतळावर अडवल्याच्या बातम्या येऊन गेल्यात. मी परदेशी प्रवाशांचे व्हिडिओ बघून तो डबा यादीत ढकलला होता. काढून टाकला.

हवेच्या बाबतीत मात्र मी माघार घेत नाही. तुम्ही म्हणता तो धोका खरा आहे, पण कुठला रस्ता यावर सगळं आहे. वाळूत बत्तीस-तेहेतीसची हवा अठरा-वीसवर आणली की टायर लांबट बसतो, वजन पसरतं आणि गाडी वाळू न खोदता वरून चालते. अट एवढीच की वेग कमी ठेवायचा, स्टेअरिंग झटक्यानं तोडायचं नाही, आणि डांबरीला लागायच्या आधी हवा परत भरायची. यादीत कॉम्प्रेसर आहे तो या 'परत भरायची'साठी. तो नसेल तर हवा सोडूच नये. जैसलमेरच्या पुढं वाळूत हे उपयोगी आहे. आपल्या काळ्या मातीत याचा काडीचा फायदा नाही, आणि ते मी अनुभवावरून सांगतो.

दोन वर्षांपूर्वी, मृग नुकताच लागला होता. बाबा, भाचा आणि मी काळवीट बघायला नान्नजच्या बाजूला गेलो. बार्शी रोडनं जेमतेम वीस किलोमीटर. अभयारण्याच्या बाहेरून जाणाऱ्या एका पाणंदीवर गाडी घातली. ढग चढताना चार वाजताच दिसला होता. भाचा म्हणाला, मामा, फिरूया का? मी म्हणालो, त्या लिंबापर्यंत जाऊ आणि फिरू. लिंब आला. काळविटांचा कळप पुढच्या माळावर सरकला, मग आम्हीही सरकलो. पाऊस वीसच मिनिटं पडला असेल.

काळ्या मातीत गाडी वाळूसारखी खाली जात नाही, हे तुम्हाला मी काय सांगणार. चाकं जाड होत जातात. टायरला चिकटलेली माती मडगार्डात भरत गेली आणि शेवटी चाक फिरायचंच थांबलं. उतरलो तर माझ्याच चपला दोन-दोन किलोच्या. हवा सोडून बघितली, काही नाही. कुणाच्या तरी बांधावरच्या तुराट्या आणून चाकाखाली घातल्या, त्या मातीत चिकटून चाकाबरोबर वर गेल्या. शेजारच्या वस्तीवरचे एक शेतकरी आले, गाडीभोवती एक चक्कर मारली आणि म्हणाले, "आता ट्रॅक्टर आणला तर त्याला काढाय दुसरा आणावा लागंल. वाळू द्या, सकाळी बघू." बाबांना शुगर आहे आणि रात्रीची गोळी घरी. गाडीत पाण्याची एक अर्धी बाटली. शेवटी त्या शेतकऱ्यांच्या घरी भाकरी खाऊन बाबा अंधारात दोन किलोमीटर चिखल तुडवत डांबरीपर्यंत चालले आणि तिथून जीपनं घरी गेले. गाडी दुसऱ्या दिवशी अकरा वाजता निघाली, पापुद्रा धरल्यावर, फारसे कष्ट न करता.

हे सगळं शहरापासून वीस किलोमीटरवर, मोबाइलला पूर्ण रेंज असताना. त्या रात्री कुठल्याही सामानानं आमचं काही भलं झालं नसतं. चूक झाली ती लिंबापाशी. कुठं फिरायचं ते ठरलेलं होतं आणि मी ते मोडलं.

आता तुमच्या मुक्कामी गाड्यांकडे येतो. तुम्ही हिमतीनं गाड्या नेल्या, यात शंकाच नाही. पण तुम्ही कधीच एकटे नव्हता. शेजारी कंडक्टर, मागे ढकलायला तीस-चाळीस पॅसेंजर. गाडी किती वाजता सुटली याची नोंद, कुठं मुक्काम आहे ते ठरलेलं. गावात पारावर माणसं गाडीची वाट बघतायत. आणि सकाळी गाडी परत डेपोत लागली नाही तर कंट्रोलरच्या केबिनमध्ये कुणीतरी घड्याळ बघून विचारणार: अमुक गाडी का आली नाही? मग पाठीमागून दुसरी गाडी, नाहीतर वर्कशॉपची व्हॅन. तुम्हाला कॉम्प्रेसर लागला नाही कारण तुमच्या मागे डेपो होता. ज्या पोरांना भ्या घालू नका म्हणता, त्यांच्या मागे कुणीच नसतं. निघताना घरी सांगतात, "हिमाचलला चाललोय, आठ-दहा दिवसांत येतो." एवढ्या माहितीवर त्यांना शोधणार कोण आणि कधी?

म्हणून यादी बाजूला ठेवा, काका. घरी एक कंट्रोलर नेमा, हे मला पहिल्या ओळीत लिहायला हवं होतं आणि मी ते अकराव्या मुद्द्यात घातलं. ही तुमच्या प्रतिक्रियेची खरी कमाई.

माझी कंट्रोलर माझी बहीण आहे. स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर रोजच्या तारखेच्या चौकोनात कुठून निघणार, कुठं पोचणार हे लिहिलेलं असतं. रात्री फोन आला नाही तर काही करायचं नाही, कारण स्पितीतलं लोसर गाव सोडल्यावर रेंज जाते आणि ती येईपर्यंत दिवस मावळू शकतो. दुसऱ्या दिवशी दुपारी बारापर्यंत नाही आला तर मुक्कामाच्या हॉटेलला फोन. संध्याकाळी सहापर्यंत नाही तर तिथले पोलीस. नंबर आधीच लिहून दिलेले. आणि माझ्यावर एकच बंधन: ठरलेली वाट सोडायची नाही.

ती मी एकदा सोडली. स्पितीतल्या काझ्याहून कुंझुम खिंड उतरून त्याच दिवशी मनाली गाठायची होती. खिंडीखालच्या बातलला चहा पिताना कुणीतरी म्हणालं चंद्रताल चौदाच किलोमीटर आहे. गेलो, राहिलो, तळं बघून धन्य झालो. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी साडेसातला कोकसरच्या चेकपोस्टवर पोलिसानं गाडीची एमएच १३ पाटी बघितली आणि म्हणाला, "सोलापूर? पहले घर फोन करो." बहिणीनं सहाला फोन केला होता. तिनं त्यानंतर चार दिवस माझ्याशी धड बोलणं टाकलं होतं, ते वेगळं.

पेट्रोलचं तुम्ही विचारलंत की आठवणीत राहील असं काही सांगा. टाकीचे तीन वाटे धरा. एक जायला, एक यायला, एक अडचणीला. पहिला वाटा संपला की जिथं असाल तिथून फिरायचं, समोर काळवीट असो की तळं. आणि हिशोब घरच्या ॲव्हरेजवर करायचा नाही. माझी गाडी पुणे हायवेला पंधरा देते, मनालीकडच्या ग्राम्फूपासून बातलपर्यंतच्या दगडगोट्यांत पहिल्या-दुसऱ्या गिअरवर तिनं नऊ दिलं. मनाली-लेह वाटेवर तांदीच्या पंपावरची पाटी प्रसिद्धच होती: पुढचा पंप ३६५ किलोमीटर. अशा वाटेवर कॅन जवळ असावा. तो पेट्रोलसाठीच बनवलेला धातूचा, पाण्याच्या बाटल्या नकोत. भरताना डिकीत ठेवून भरू नका, जमिनीवर ठेवा, नाहीतर स्थिर विजेची एक ठिणगी पुरते.

ओढ्यांबद्दल जरा थांबतो, कारण इथं तुमचा अनुभवच अडचणीचा ठरू शकतो. आपल्याकडे ओढा चढतो तो पावसानं. वर पाऊस थांबला, दोन तास बिडी-काडी करत थांबलं, की उतरतो. २०२५ च्या सप्टेंबरात आपल्या सीना नदीच्या पुरानं हे गणित किती चुकू शकतं ते दाखवलं, पण एरवी आपल्या डोक्यात तेच पक्कं असतं. स्पितीत उलटं. आभाळ कोरडं ठाक, ऊन कडक, आणि दुपारनंतर नाला फुगत जातो. वरचं बर्फ उन्हानं वितळतं आणि ते पाणी खाली यायला काही तास लागतात. तिथं वाट बघितली तर पाणी वाढतं. त्यामुळं बातल-ग्राम्फूचा पट्टा पहाटे निघून दुपारच्या आत संपवायचा. उशीर झाला असेल तर अलीकडेच राहायचं आणि सकाळी जायचं, सकाळी तोच नाला घोट्याएवढा असतो. शिवाय भरलेली एसटी दहा टनांच्या वर, माझी गाडी टनभर. तुमच्या बसच्या पायरीला लागणारं पाणी माझ्या गाडीला उचलून नेतं.

फसलेली गाडी ओढायचा सराव तुम्हाला आहेच, फक्त पोरांसाठी: दोर टोइंग हुकलाच बांधा, बंपरला नाही, आणि ताणलेल्या दोरावर मधोमध जाड चादर टाका. दोर तुटला तर सुटलेलं टोक माणसाच्या अंगावर येण्याऐवजी चादरीच्या वजनानं खाली बसतं. चादर कुठली ते सोलापूरकराला सांगायला नको.

उंचीचं थोडक्यात. आपण राहतो साडेचारशे मीटरवर. कुंझुम साडेचार हजारांच्या वर आहे आणि तिथं हवा जवळपास चाळीस टक्के विरळ. मनालीहून एका दिवसात चंद्रतालला जाऊन झोपणं म्हणजे दुखणं विकत घेणं. सिमला, किन्नौरमार्गे चढत जा, नाकोला, काझ्याला मुक्काम करा, आणि कुंझुमकडून उतरा. डोकं दुखून उलट्या सुरू झाल्या तर त्या रात्री वर झोपायचं नाही. चालताना तोल जाऊ लागला तर अंधार असो की काही, खाली यायचं. कडक भाकरी आणि शेंगाचटणी मात्र भरपूर न्या, आठवडाभर काही होत नाही आणि वर भूक मेलेली असली तरी ती खाल्ली जाते.

दुसरी स्टेपनीही यादीतून काढलीय. तिच्या जागी पंक्चरचं किट आणि पाण्याचा वीस लिटरचा कॅन. फळ्या ठेवल्यात, त्यावर आपण भांडू.

एक विचारायचं राहिलं. तो काथ्याचा दोर. मागे जोडचाकं असल्यावर तो दोन्ही चाकांना मिळून गुंडाळायचा की फक्त बाहेरच्या? आणि माझ्या गाडीला एकेरी चाकं, त्यात पुढची ओढणारी. तिला रिंगच्या भोकातून ओवून बांधला तर ब्रेकच्या पाइपला लागेल का? येत्या पावसाआधी बार्शी रोडच्या त्याच पाणंदीवर करून बघायचंय. या वेळी गोळी आणि पाणी घेऊन जाईन, आणि लिंबापाशी फिरेन.