झेलियट यांच्यावर अन्याय करणारी स्तुती

इतिहासकार एलिनॉर झेलियट यांच्याविषयीचा एक स्तुतिपर मजकूर सध्या बराच फिरतो आहे. त्याचा आशय असा की, आंबेडकरी चळवळीवर महाराष्ट्रात कुणी एक ओळही लिहिली नव्हती तेव्हा या अमेरिकन विदुषींनी तिचा इतिहास सर्वप्रथम लिहिला. दलित साहित्याचा बोलबाला झाल्यावर त्यांचे इकडे लक्ष गेले. परदेशी असल्यामुळे त्यांची सारी भिस्त इंग्रजी कागदपत्रांवर होती. आणि त्यांचे लेखन म्हणजे बाबासाहेबांना वाहिलेली आदरांजली. हेतू चांगला असेलही, पण यातले एकही विधान तपासाला टिकत नाही आणि पहिले तर खुद्द झेलियट यांच्या कामावरच अन्याय करणारे आहे.

झेलियट यांनी डॉ. आंबेडकर आणि महार चळवळ या विषयावरचा प्रबंध १९६९ साली पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाला सादर केला. चांगदेव खैरमोडे यांच्या आंबेडकर-चरित्राचा पहिला खंड त्याआधीच, १९५२ साली, निघाला होता आणि धनंजय कीर यांचे इंग्रजी चरित्र १९५४ साली. त्याहूनही मागे गेलो तर पुण्याचे महार समाजाचे पुढारी शिवराम जानबा कांबळे यांचे ह. ना. नवलकरांनी लिहिलेले चरित्र १९३० सालचे आहे. ‘मूकनायक’, ‘बहिष्कृत भारत’, ‘जनता’ ही पत्रे म्हणजे तर चळवळीने स्वतःच लिहून ठेवलेली रोजनिशी होती. झेलियट यांचे वेगळेपण हे की, विद्यापीठीय इतिहासलेखन सरकारी दफ्तरे आणि बड्या पुढाऱ्यांचा पत्रव्यवहार यांतच रमलेले असताना त्यांनी अस्पृश्य समाजाची चरित्रे, अर्ज, पत्रके आणि कार्यकर्त्यांच्या आठवणी यांना अस्सल साधनांचा दर्जा दिला. ‘आधी कुणी लिहिलेच नव्हते’ असे म्हटले की खैरमोडे आणि नवलकर तर पुसले जातातच, पण झेलियट यांनी नेमके काय केले तेही दिसेनासे होते.

हे काम कसे होते, ते बाबासाहेबांच्या आधीच्या काळाची त्यांनी जी मांडणी केली तिच्यात उत्तम दिसते. महारांचे गावकीतले काम निरोप पोहोचवण्यापासून शिवेचे वाद सोडवताना साक्ष देण्यापर्यंत अनेक प्रकारचे होते, पण त्यांना बांधून ठेवणारा एखादा कारागिरीचा धंदा नव्हता. त्यामुळे लष्कर, गोदी, रेल्वे आणि गिरण्या यांची दारे उघडताच हा समाज तिकडे वळू शकला. १८९० नंतरच्या काही वर्षांत महारांची लष्करभरती बंद झाली आणि या वाटचालीला मोठा धक्का बसला. दापोलीला स्थायिक झालेले निवृत्त सैनिक गोपाळबाबा वलंगकर यांनी १८९४ साली सरकारकडे पाठवण्यासाठी अर्ज तयार केला; पुढे १९१० साली शिवराम जानबा कांबळे यांनी दख्खनच्या महारांच्या वतीने थेट ब्रिटिश मंत्रिमंडळातील भारतमंत्र्यांकडे निवेदन पाठवून लष्कर, पोलीस आणि सरकारी नोकऱ्यांतील खालच्या जागा मागितल्या. नागपूरकडचे कार्यकर्ते किसन फागुजी बनसोडे हेही याच घडणीतले. वरकरणी रुक्ष वाटणाऱ्या या अर्जांतून, विनवणीच्या भाषेतूनही हक्काची जाणीव कशी पुढे सरकत होती, हे झेलियट यांनी दाखवून दिले. माझ्या मते त्यांच्या साऱ्या लेखनातला हाच भाग सर्वांत मोलाचा आहे. चळवळीचा पाया आधीच्या पिढ्यांनी घातला होता असे सांगितल्याने बाबासाहेबांचे मोठेपण उणावत नाही, उलट त्यांनी तो वारसा केवढ्या उंचीवर नेला ते कळते.

दलित साहित्याच्या बोलबाल्याविषयीचे विधान तर सनावळीनेच निकालात निघते. दलित लेखक-कवींनी उभारलेल्या दलित पँथरची स्थापना १९७२ सालची, म्हणजे प्रबंधानंतरची, आणि झेलियट भारतात प्रथम आल्या त्या १९५२ साली.

इंग्रजी कागदपत्रांवरच भिस्त असल्याचा समज त्यांच्या भक्तिपरंपरेवरील लेखनाकडे पाहिल्यावर उरत नाही. त्या मराठी शिकल्या, चोखामेळा आणि एकनाथ यांच्यावर त्यांनी सातत्याने लिहिले आणि नाथांचा ‘हिंदू-तुर्क संवाद’ इंग्रजीत नेला. फलटणला स्थायिक झालेल्या भाषातज्ज्ञ मॅक्सीन बर्नसन यांच्यासह त्यांनी महाराष्ट्रातील धर्मजीवनावरचा लेखसंग्रह १९८८ साली संपादित केला. चोखोबांच्या अभंगांतली वेदना आणि विसाव्या शतकातला नकार यांच्यात काय साम्य आणि काय अंतर आहे, हा प्रश्न इंग्रजी दफ्तरे कितीही चाळली तरी सुचणारा नव्हे.

राहिला आदरांजलीचा मुद्दा. झेलियट शांतता आणि समता मानणाऱ्या क्वेकर या ख्रिस्ती पंथाच्या होत्या आणि समतेच्या लढ्याविषयी त्यांना आपुलकी होती, हे त्यांनी कधी लपवले नाही. परंतु गांधी आणि आंबेडकर यांच्या नेतृत्वावरचा त्यांचा १९७२ सालचा निबंध दोघांच्या कार्यपद्धतींची शांतपणे तुलना करतो. त्यात कुणाचा जयजयकार नाही. ही चळवळ मुख्यतः महार समाजात रुजली, मांग आणि चांभार समाजांत तिला तेवढा प्रतिसाद मिळाला नाही, आणि बाबासाहेबांनंतर रिपब्लिकन पक्ष गटातटांत विभागला गेला, हेही त्यांनी नोंदवले आहे. आपुलकी असूनही अशी अडचणीची गोष्ट त्यांनी टाळली नाही, म्हणूनच त्यांचा मूळ प्रबंध ग्रंथरूपाने यायला २००४ साल उजाडले तरी त्याआधीची कित्येक वर्षे अभ्यासक त्या अप्रकाशित प्रबंधाचेच हवाले देत राहिले.