केरांगच्या अपघाताचा फिरणारा मेसेज चुकीचा आहे

ऑस्ट्रेलियातल्या केरांगच्या फाटकावर सिग्नलच नव्हता आणि ट्रेनने ट्रक उडवला, असा मेसेज ग्रुपवर फिरतोय. तसं नाहीये. ५ जून २००७ ला दुपारी स्वान हिलहून मेलबर्नला निघालेल्या ट्रेनच्या डब्याला बाजूनं ट्रकच येऊन धडकला, ११ प्रवासी गेले, सगळे ट्रेनमधले. तिथं लाल दिवे होते, घंटा होती, फक्त आडवा दांडा नव्हता, आणि हाच मुद्दा मेसेजमध्ये गायब आहे. ट्रक ड्रायव्हरला २००९ मध्ये ज्युरीने निर्दोष सोडलं, त्यामुळे 'खुनी' वगैरे लिहिणं फार अन्यायाचं आहे. 'सगळ्यात मोठा फाटक अपघात' हेही चूक, १९४३ ला ऑस्ट्रेलियातच वोडोंगाच्या फाटकावर ट्रेनच्या धडकेत बसमधले २५ सैनिक गेले होते. प्लीज हा मेसेज पुढे पाठवू नका, पाठवला असेल तर डिलीट करा.