सायकल अपघाताच्या ‘एस’ कोडबद्दल खुलासा

अमेरिकी आरोग्य विम्याच्या क्लेम्सचं कोडिंग करणाऱ्यांच्या, म्हणजे आजार-दुखापतींना ठरलेले कोड देणाऱ्यांच्या ग्रुप्सवर सध्या एक मेसेज फिरतोय: ‘सायकल अपघाताला वर्ष झालं की सातव्या जागी एस लावा आणि व्ही कोडच पहिला टाका.’ कोडच्या सातव्या जागचा एस म्हणजे जुन्या दुखापतीचा मागे राहिलेला परिणाम; व्ही कोड म्हणजे दुखापतीचं बाह्य कारण, इथे वाहतूक अपघात. मेसेजमधल्या दोन्ही गोष्टी चुकीच्या आहेत.

आयसीडी-१०-सीएम या अमेरिकेतल्या निदान-कोडसंचाच्या अधिकृत मार्गदर्शक सूचना स्पष्ट आहेत. मागे राहिलेल्या परिणामाला कालमर्यादाच नाही. जखम भरताना उरलेला व्रण लवकरही दिसतो, काही त्रास वर्षांनी डोकं वर काढतात. रुग्ण नुसता फेरतपासणीला आला असेल आणि मूळ दुखापत अजून भरत असेल, तर एसऐवजी डी, म्हणजे उपचारानंतरची पुढची भेट.

क्रमाचंही तसंच. कारने धडक दिलेल्या सायकलस्वाराच्या कपाळावर व्रण राहिला, तर आधी आजचा त्रास, म्हणजे एल९०.५, मग मूळ जखम एस०१.८१एक्सएस, शेवटी व्ही१३.४एक्सएक्सएस. बाह्य कारणाचा कोड पहिला कधीच येत नाही.

एक मेख: हाड वाकडं जुळलं असेल तर सहसा एस नाही, फ्रॅक्चरच्या कोडला पी वगैरे वेगळं अक्षर लागतं. इथे अनुभवी मंडळीही अडखळतात.

तो मेसेज कृपया पुढे पाठवू नका. आधीच पाठवला असेल तर त्याच ग्रुपवर हा खुलासा टाका.