रोबोच्या आधी जागेचं बोला

भारतात 2024 मध्ये नवे औद्योगिक रोबो बसले साधारण 9,100. चीनमध्ये त्याच वर्षी बसले सुमारे 2 लाख 95 हजार. भागाकार केला तर आपलं वर्षभराचं काम चीन अकरा-बारा दिवसांत उरकतो. आंतरराष्ट्रीय रोबोटिक्स महासंघाचे हे आकडे मी आमच्या भांडुपच्या शाळेच्या ग्रुपवर टाकले आणि अपेक्षेप्रमाणे दोन तट पडले. एक तट म्हणाला, बघा किती मागे आहोत. सरकारने बाहेरच्या रोबोंवर शुल्क लावावं आणि देशी रोबो उभे करावेत. दुसरा म्हणाला, मागे आहोत तेच बरं आहे. इथे पोरांना हाताला काम नाही, त्यात यंत्रं आणून काय करायचं? मग एकाने चीनमधल्या, माणसंच नाहीत म्हणून दिवे बंद ठेवलेल्या कारखान्याचा व्हिडिओ टाकला, ‘भयानक’ असं लिहिलं आणि चर्चा संपली.

मी डेन्मार्कमध्ये, ओडेन्स नावाच्या शहरात, वेल्डिंग रोबोंचं प्रोग्रॅमिंग करते. माझं पोट रोबोवर आहे, तेव्हा माझं म्हणणं थोडी सूट धरूनच वाचा. पण ते दोन्ही तटांना रुचणारं नाही. मुंबईतल्या कारखान्यांच्या नोकऱ्या रोबोने खाल्ल्या नाहीत आणि इतक्यात खाणारही नाही. त्या जागेच्या भावाने खाल्ल्या. आजही खातोय.

ओडेन्सची वस्ती दोनेक लाख, म्हणजे आपल्या मुलुंडपेक्षाही कमी. शहराजवळ लिंडो इथे मर्स्क कंपनीची गोदी होती. एमा मर्स्क हे त्या वेळचं जगातलं सर्वांत मोठं कंटेनर जहाज 2006 मध्ये तिथेच बांधलं गेलं. डॅनिश वेल्डरची मजुरी आशियातल्या वेल्डरच्या कितीतरी पट, म्हणून या गोदीने फार आधीच वेल्डिंगसाठी रोबो आणले, त्यासाठी शेजारच्या विद्यापीठाला हाताशी धरलं, संशोधनाला पैसा पुरवला. एवढं करून गोदी वाचली का? नाही वाचली. कोरिया-चीनच्या भावापुढे टिकता येईना, 2009 मध्ये बंद करण्याची घोषणा झाली आणि 2012 मध्ये शेवटचं जहाज बाहेर पडलं. रोबो आणला की कारखाना तगतो, असं छातीठोकपणे सांगणाऱ्या पहिल्या तटाने हे लक्षात ठेवावं.

पुढचं मात्र मुंबईकराला ओळखीचं वाटणार नाही. गोदीच्या जमिनीवर टॉवर उभे राहिले नाहीत. तिथे औद्योगिक वसाहत झाली. आज समुद्रातल्या पवनचक्क्यांचे अजस्र भाग तिथे बनतात आणि तिथूनच जहाजात चढतात. गोदीच्या पैशावर वाढलेल्या त्या विद्यापीठातल्या काही पोरांनी 2005 मध्ये युनिव्हर्सल रोबोट्स ही कंपनी काढली. माणसाच्या शेजारी, कुंपणाशिवाय काम करू शकणारा हलका रोबो त्यांनी 2008 मध्ये विकायला सुरुवात केली, आणि 2015 मध्ये टेराडाइन या अमेरिकी कंपनीने 28.5 कोटी डॉलर मोजून ती विकत घेतली. कंपनी अमेरिकी झाली, पण काम ओडेन्समध्येच राहिलं. बजाज ऑटोच्या असेंब्ली लाइनवर जे छोटे रोबो आहेत, ते या गावचे.

आता गिरणगाव घ्या. 18 जानेवारी 1982 ला संप सुरू झाला तेव्हा सुमारे अडीच लाख गिरणी कामगार बाहेर पडले. त्या गिरण्यांत कुठला आलाय रोबो? कित्येक खात्यांत आजोबांच्या काळचे साचे, म्हणजे माग, खडखडत होते. यंत्राची भीती मुंबईला नवी नाही. 1928 चा सहा महिन्यांचा संपही कमी माणसांत जास्त साचे चालवायच्या योजनांविरुद्धच होता. पण शेवटी गिरण्या गेल्या त्या नव्या यंत्रांमुळे नव्हेत. नवे साचे आणण्यापेक्षा जमीन विकणं फायद्याचं, हा हिशेब मालकांना कुणी शिकवायची गरज नव्हती. 1991 च्या विकास नियंत्रण नियमावलीत गिरणीच्या जमिनीचा ढोबळमानाने एक हिस्सा मोकळ्या जागेला, एक घरांना आणि एक मालकाला, अशी वाटणी होती. 2001 मध्ये दुरुस्ती झाली आणि वाटणी फक्त बांधकाम नसलेल्या मोकळ्या जमिनीपुरती उरली. 2006 मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही ती दुरुस्ती मान्य केली. गिरणी कामगारांचे वारस म्हाडाच्या सोडतीकडे अजून डोळे लावून बसलेत.

आणि हे लालबाग-परळपुरतं नाही. विक्रोळी, कांजूर, भांडुप, मुलुंड: एलबीएस मार्गावर लहानपणी आम्ही भोंग्यावर घड्याळ लावायचो. माझे बाबा ज्या कारखान्यात होते तिथे आज टॉवर आहेत आणि तळमजल्यावर सुपरमार्केट. बाबांना व्हीआरएसचे, म्हणजे स्वेच्छानिवृत्तीचे पैसे मिळाले, त्यातून माझं इंजिनीअरिंग झालं. बाबांच्या खात्यात शेवटपर्यंत एकही रोबो आला नव्हता.

दुसऱ्या तटाच्या म्हणण्यात तथ्य नाही असं नाही. दक्षिण कोरियात दर दहा हजार कामगारांमागे हजाराहून अधिक रोबो आहेत आणि बेकारी तीन टक्क्यांच्या आसपास, हे उदाहरण माझे सहकारी तोंडपाठ म्हणतात. पण अमेरिकेतल्या आकडेवारीवरून असेमोग्लू आणि रेस्त्रेपो या अर्थतज्ज्ञांनी 2020 मध्ये दाखवलं की हजार कामगारांमागे एक रोबो वाढला की त्या भागातला रोजगार आणि मजुरी दोन्ही थोडी घसरतात. जर्मनीतल्या अभ्यासात एकूण नोकऱ्या घटलेल्या दिसल्या नाहीत. कामावर असलेले टिकले, मात्र नव्या पोरांची भरती कमी झाली. मला घोर आहे तो या दुसऱ्या निष्कर्षाचा. ज्या देशात दरवर्षी लाखो पोरं आयटीआयतून बाहेर पडतात तिथे ‘कुणाला काढलं नाही’ हे उत्तर पुरत नाही. आत किती घेतले, ते विचारायला हवं.

एवढं मान्य करून एखाद्या गाळ्यात चला. माझ्या मामेभावाचा भांडुपला एलबीएस मार्गाच्या आतल्या बाजूला गाळा आहे. ब्रॅकेट, स्टँड, पॅनेलच्या फ्रेम असं जॉबवर्क. सहा वेल्डर, चार हेल्पर, एक प्रेसवाला. प्रेसवाल्याच्या डाव्या हाताला तीनच बोटं आहेत आणि त्याबद्दल गाळ्यात कुणी काही बोलत नाही, इतकं ते नेहमीचं झालंय. दादाने दोन वर्षांपूर्वी चिनी बनावटीचा वेल्डिंग रोबो घेतला, जपानी रोबोच्या जवळजवळ निम्म्या भावात. पहिले काही महिने तो कोपऱ्यात उभा. मला व्हिडिओ कॉल करून म्हणायचा, “अगं, तुझ्या या रोबोला डोळे नाहीत गं!”

खरंच नाहीत. हाताने वेल्डिंग करणारा माणूस दोन पत्र्यांतली फट बघतो. फट एक मिलिमीटरची असेल तर टॉर्च सरळ नेतो, दोनची असेल तर जरा झुलवत भरून काढतो. हे तो विचार करून करत नाही, मनगटच करतं. रोबो मात्र शिकवलेल्या रेघेवरून जातो. प्रेसमधून पत्रा वाकडा आला की रोबोचा टाका फटीत पडतो आणि जॉब रिजेक्ट. मग आम्ही काय केलं? रोबोला हातच लावला नाही. पत्र्याला आकार देणारी प्रेसची डाय बदलली, वेल्डिंगच्या वेळी पत्रा जागेवर धरणाऱ्या चौकटीला, म्हणजे जिगला, दोन लोकेटिंग पिन जास्तीच्या लावल्या आणि पत्रा दाबून धरणारे टॉगल क्लॅम्प बदलले. पत्रा सरळ आला, रोबो चालला. एवढ्या कामासाठी डायमेकर कुर्ल्याचा, जिगवाला साकीनाक्याचा, आणि टीच पेंडंट, म्हणजे रोबोचा बटणांचा हातातला कंट्रोल, घेऊन रोबोला रेघ शिकवणारा त्याच गाळ्यातला वेल्डर. बाहेरून आलेला इंजिनीअर त्याला बटणं दाखवू शकतो, पण टॉर्च किती अंशात धरायची हे वेल्डरनेच सांगायचं.

एक वेल्डर कमी झाला का? झाला. तो आता दिवसभर पेंडंट आणि जिग बघतो. दादाने त्याची पगारवाढ केली, पण हजेरी अजून ठेकेदाराच्याच नावावर आहे.

या धंद्यातला पैसा कुठे मुरतो तेही इथेच दिसतं. रोबो आणि त्याच्याभोवतीची सगळी मांडणी, म्हणजे सेल, बसवण्याच्या खर्चात रोबोचा हात हा साधारण एक तृतीयांश. बाकी जिग, ग्रिपर (वस्तू पकडणारा पंजा), कुंपण, वायरिंग आणि प्रोग्रॅमिंग. रोबोच्या पोटात शिरलं तर महाग वस्तू तीन: सांध्यातले गिअर, सांधे नेमके हलवणारी सर्व्हो मोटर आणि सगळं चालवणारा कंट्रोलर. गिअरवर वर्षानुवर्षं नाबटेस्को आणि हार्मोनिक ड्राइव्ह या जपानी कंपन्यांची पकड होती. आता लीडरड्राइव्हसारख्या चिनी कंपन्या घुसल्यात. चीनमध्ये दहाएक वर्षांपूर्वी स्थानिक बनावटीच्या रोबोंचा वाटा पावाहून जरा अधिक होता, 2024 मध्ये तो 57 टक्क्यांवर गेला. दरम्यान पंखे आणि एसी बनवणाऱ्या मिडिया (Midea) या चिनी कंपनीने जर्मनीची कुका ही रोबो कंपनी 2016-17 मध्ये ताब्यात घेतली. आणि 2025 च्या ऑक्टोबरमध्ये एबीबी या युरोपीय कंपनीने आपला रोबो विभाग जपानच्या सॉफ्टबँकेला सुमारे 5.4 अब्ज डॉलरना विकायचा करार जाहीर केला. युरोपात 2024 मध्ये नवे रोबो आठ टक्के कमी बसले. आमच्या कॅन्टीनमध्येही चिनी भावांची चर्चा जेवणाआधी सुरू होते.

अशा बाजारात ‘शुल्क लावा आणि देशी हात बनवा’ ही मागणी मला उलट्या टोकाने धरलेली वाटते. टाटांच्या टाल कंपनीने ब्राबो नावाचा देशी रोबो बनवला होता. 2016 मध्ये मुंबईतल्या ‘मेक इन इंडिया’ सप्ताहात तो दाखवला, पुढच्या वर्षी पाच ते सात लाखांना बाजारात आणला. छोट्या कारखानदाराला डोळ्यांसमोर ठेवूनच. कल्पना चांगली होती, पण भांडुप-साकीनाक्याच्या गाळ्यांत मला तो कधी भेटला नाही. तेवढ्याच पैशात चिनी हात मिळतो आणि तो उद्या आणखी स्वस्त होईल. बाहेरच्या रोबोवर शुल्क चढवलं तर भुर्दंड दादासारख्यांना. चाकणच्या मोठ्या गाडी कारखान्यांना फरक पडत नाही. भारतातले 45 टक्के नवे रोबो 2024 मध्येही मोटार उद्योगातच गेले. सरकारला खर्चच करायचा असेल तर सर्व्हो मोटर, गिअर आणि त्या मोटरींना लागणाऱ्या चुंबकांवर करावा. चीनने 2025 मध्ये दुर्मीळ मृदा चुंबकांच्या निर्यातीवर बंधनं घातली तेव्हा आपल्या वाहन उद्योगाची धांदल उडाली. नोव्हेंबरमध्ये केंद्राने या चुंबकांसाठी 7,280 कोटींची योजना मंजूर केली. दिशा बरोबर, उशीर मात्र झालाच.

इथे डेन्मार्कमध्ये मालक कामगाराला तुलनेने सहज काढू शकतो, हे मुंबईच्या कुठल्याही युनियनवाल्याला ऐकवत नाही. पण काढलेला माणूस बेकारी विम्याचा सभासद असेल तर दोन वर्षांपर्यंत आधीच्या पगाराच्या 90 टक्क्यांपर्यंत भत्ता मिळतो. त्याला कमाल मर्यादा आहे, त्यामुळे चांगल्या पगाराच्या वेल्डरच्या हातात प्रत्यक्षात बरंच कमी पडतं, तरी घराचं भाडं निघतं. शिवाय नवं शिकायची सोय. म्हणून इथली धातुकामगारांची संघटना रोबोंच्या बाजूने उघड बोलते. मालकाला ‘आणखी आणा’ म्हणते. मुंबईत हीच मागणी एखाद्या पुढाऱ्याने केली तर त्याला वेड्यात काढतील, आणि ते बरोबरच असेल. आपल्याकडे माणूस सुटला की थेट रिक्षावर किंवा डिलिव्हरीच्या बाइकवर. डेन्मार्कचं तेवढं उचला असंही मी म्हणणार नाही. इथले कर बघितले तर आमच्या ग्रुपवरचे दोन्ही तट एक होऊन माझ्यावर येतील.

गेल्या महिन्यात दादाने सांगितलं, गाळ्यांची सगळी इमारत पुनर्विकासाला जातेय. नवीन इमारतीत ‘सर्व्हिस इंडस्ट्री’ची जागा मिळेल, पण पत्रा कापायला आणि वेल्डिंगला सोसायटी परवानगी देणार नाही, आणि देखभालीचा खर्च चौरस फुटावर ऐकूनच तो हबकला. मुरबाड एमआयडीसीत शेड बघून आलाय. ट्रक आत येतो, वीज बरी आहे, रोबोला ऐसपैस जागा आहे. सहा वेल्डरांपैकी चौघांनी आत्ताच सांगितलं की रोज मुरबाडला जाऊन-येऊन जमणार नाही. एकाची बायको मुलुंडला घरकाम करते, दोघांची पोरं महापालिकेच्या शाळेत आहेत. दादाने विचारलं, “चौघांच्या जागी आणखी एक रोबो घेतला तर चालेल का गं?” मी त्याला जिगचे फोटो पाठवायला सांगितलेत.