श्टायनरचे सुवर्ण आणि छायाचित्राखालचा मजकूर

एका हातात सुवर्णपदक आणि दुसऱ्या हातात दिवंगत पत्नीचे छायाचित्र घेऊन व्यासपीठावर उभ्या असलेल्या धिप्पाड वेटलिफ्टरचे चित्र ‘प्रेरणादायी’ म्हणून पुन्हा पुन्हा फिरत असते. त्याखालचा मजकूर साधारण असा असतो: पत्नी अपघातात गेल्यावर तिला दिलेल्या शब्दाखातर या सामान्य ऑस्ट्रियन खेळाडूने जर्मनीचे नागरिकत्व घेतले आणि वर्षभरात, केवळ प्रेमाच्या बळावर, विश्वविक्रमी वजन उचलून ऑलिंपिक जिंकले. खेळाडू माथियास श्टायनर. चित्र खरे आहे, दुःखही खरे आहे. त्यांच्याभोवती रचलेली गोष्ट मात्र बरीचशी चुकीची आहे.

देश बदलण्याचा क्रमच इथे उलटा सांगितला जातो. २००५ च्या युरोपीय स्पर्धेतील अपयशानंतर श्टायनरचे ऑस्ट्रियाच्या वेटलिफ्टिंग संघटनेशी बिनसले. त्याच वर्षी जर्मनीतील सुझानशी त्याचा विवाह झाला आणि त्याने जर्मन नागरिकत्वासाठी अर्ज केला. तो मंजूर होईपर्यंत मोठ्या आंतरराष्ट्रीय स्पर्धांची दारे त्याला बंद होती. या काळात तो केम्निट्झच्या क्लबकडून जर्मन लीगमध्ये वजने उचलत राहिला. सुझानचा मोटार अपघातात मृत्यू झाला तो जुलै २००७ मध्ये, म्हणजे अर्ज विचाराधीन असताना, आणि नागरिकत्व हाती आले २००८ च्या सुरुवातीला. मृत्यूमुळे देश बदलला असे म्हणणे म्हणजे त्या दोघांनी मिळून घेतलेला निर्णय तिच्या हयातीतून काढून तिच्या मृत्यूच्या खात्यावर टाकणे होय.

‘सामान्य खेळाडू’ हे विशेषणही टिकत नाही. वयाच्या अठराव्या वर्षी टाइप १ मधुमेहाचे निदान होऊनही, रोजचे इन्सुलिन सांभाळत, तो २००४ च्या अथेन्स ऑलिंपिकमध्ये १०५ किलो गटात ऑस्ट्रियासाठी सातवा आला होता. पुढे तो १०५ किलोंवरील गटात गेला आणि २००८ च्या बीजिंग ऑलिंपिकच्या काही महिने आधी युरोपीय स्पर्धेत त्याने जर्मनीसाठी पदकही मिळवले. हा माणूस अंधारातून अचानक उगवला नव्हता.

आता विश्वविक्रमाचे. १९ ऑगस्ट २००८ रोजी बीजिंगमध्ये श्टायनरने क्लीन अँड जर्कमध्ये, म्हणजे वजन आधी खांद्यांपर्यंत आणि मग डोक्यावर नेण्याच्या प्रकारात, २५८ किलो उचलले, पण इराणच्या हुसेन रझाझादेहने अथेन्समध्येच २६३.५ किलो उचलून दाखवले होते. प्रकृतीच्या कारणामुळे रझाझादेह बीजिंगला उतरला नाही, हेही त्या मजकुरात कधी येत नाही. त्याच्या अनुपस्थितीमुळेच तो गट खुला झाला होता.

‘केवळ प्रेमाच्या बळावर’ या शब्दांना माझा सर्वांत मोठा आक्षेप आहे, कारण त्या रात्रीची खरी गंमत आकड्यांत आहे. निकाल दोन प्रकारांतील सर्वोत्तम वजनांच्या बेरजेवर ठरतो आणि प्रत्येक प्रकारात तीन प्रयत्न मिळतात. स्नॅचमध्ये, म्हणजे वजन एका दमात थेट डोक्यावर नेण्याच्या प्रकारात, श्टायनर २०३ किलोंवर थांबला होता आणि रशियाचा येवगेनी चिगिशेव २१० किलो उचलून सात किलोंनी पुढे होता. क्लीन अँड जर्कमधला श्टायनरचा पहिला प्रयत्न फसला, दुसऱ्यात त्याने २४८ किलो उचलले. चिगिशेवने २५० किलो उचलून एकूण ४६० पर्यंत मजल मारली. श्टायनरची बेरीज ४५१ होती आणि त्याच्याकडे एकच प्रयत्न उरला होता. २५७ किलो उचलले असते तर बरोबरी झाली असती, पण त्या वेळच्या नियमानुसार बरोबरीत कमी शरीरवजनाचा खेळाडू वर जात असे आणि चिगिशेव वीसहून अधिक किलोंनी हलका होता. म्हणून २५८! एकदम दहा किलोंची ती उडी भावनेच्या भरात नव्हे, तर सुवर्णासाठी त्याहून कमी आकडा उपलब्धच नसल्यामुळे मागितली गेली. वजन डोक्यावर स्थिर झाले आणि ४६१ विरुद्ध ४६० असा निकाल लागला. पत्नीच्या आठवणीने त्याला बळ दिले असेलच, पण २५८ किलो पेलणारे पाय वर्षानुवर्षांच्या सरावाने घडलेले होते.

याच गोष्टीचे एक शेपूटही हल्ली जोडले जाते: २०१२ मध्ये लंडनला बार मानेवर कोसळला आणि बीजिंगनंतर काहीच न मिळवता त्याची कारकीर्द संपली. स्नॅचमध्ये १९६ किलोंचा बार त्याच्या मानेवर पडला आणि त्याला स्पर्धा सोडावी लागली, एवढे बरोबर आहे. परंतु त्याआधी, २०१० च्या अंताल्या येथील जागतिक स्पर्धेत, त्याने क्लीन अँड जर्कचे सुवर्ण आणि एकूण वजनात रौप्य मिळवले होते. निवृत्ती त्याने जाहीर केली ती २०१३ मध्ये.