कॅरोलाइन लॅम वेडी होती, म्हणे!

भाचीनं इंग्रजी साहित्याच्या प्रोजेक्टचा विषय बदलला. का, तर घरच्या ग्रुपवर एक फॉरवर्ड आला. ‘इतिहासाच्या नावाखाली चाललेली फसवणूक’ असा मथळा, लिहिणाऱ्याचं नाव नाही आणि शेवटी ‘प्रत्येक मुलीच्या आईपर्यंत पोहोचवा’. मजकूर थोडक्यात असा: १८००च्या आसपासचं इंग्लंड दाखवणाऱ्या कादंबऱ्या-मालिकांतल्या बंडखोर लेडी आजच्या लेखकांनी रचल्या. त्या काळच्या साहित्यात अशी एकही बाई नाही. खरी म्हणावी अशी एकच, कॅरोलाइन लॅम, आणि ती वेडी होती, बिचाऱ्या कवी बायरनच्या मागे हात धुऊन लागली होती. बायकांच्या हक्कांबद्दल लिहिणाऱ्या मेरी वुलस्टनक्राफ्टसारख्यांच्या शिकवणीनं चांगली घराणी बुडाली. आणि श्रीमंत बायकांना हवा तेव्हा घटस्फोट मिळायचा, मग बंड कसलं, ती नुसती थेरं.

ताईनं, म्हणजे भाचीच्या आईनं, त्यावर हात जोडलेला इमोजी टाकला. तेव्हा हे ताईसाठीसुद्धा.

पहिल्या दोन मुद्द्यांना एक पुस्तक पुरतं. मारिया एजवर्थची ‘बेलिंडा’, साल १८०१. त्यातली लेडी डेलाकूर पुरुषी कपडे घालून दुसऱ्या एका बाईशी पिस्तुलांचं द्वंद्व लढायला जाते. पिस्तूल ती हवेत झाडते, पण ते इतकं ठासलेलं असतं की धक्का तिच्याच छातीवर बसतो आणि ती जखम ती पुढे कित्येक दिवस सगळ्यांपासून लपवते. द्वंद्व लढणाऱ्या बायका पाहून गावकऱ्यांचा जमाव चालून येतो, ते वेगळंच. हे सगळं जेन ऑस्टिनची पहिली कादंबरी छापून येण्याच्या दहा वर्षं आधी. पिस्तूलवाली लेडी गेल्या पाच-दहा वर्षांत कुणी ओटीटीसाठी शोधून काढली म्हणणाऱ्यानं हे पुस्तक उघडलेलं नाही, एवढंच त्यातून कळतं.

आता कॅरोलाइन. यावर जरा थांबणार आहे, कारण माझ्या भाचीनं विषय सोडला तो या मुद्द्यामुळे. ‘मॅडम, ती तर वेडी होती’ असं वर्गात कुणी म्हणालं तर काय, ही तिची भीती.

फॉरवर्डमध्ये तिला ‘पंतप्रधानांची पत्नी लेडी मेलबर्न’ म्हटलंय. ती कधीच लेडी मेलबर्न नव्हती. नवरा विल्यम लॅम, हे बरोबर. पण ती जानेवारी १८२८ मध्ये वारली, त्याला मेलबर्न ही पदवी त्याच वर्षी वडिलांच्या मृत्यूनंतर मिळाली आणि पंतप्रधान तो १८३४ मध्ये झाला. ती हयात असताना लेडी मेलबर्न होती तिची सासू. ही चूक मी एरवी सोडून दिली असती. पण इथे खरी गोम सासूतच आहे.

कॅरोलाइन आणि बायरनचं प्रकरण १८१२ च्या मार्चपासून साधारण ऑगस्टपर्यंतचं. ती अर्लची मुलगी, डेव्हनशरच्या डचेसची भाची, लग्न झालेली. तो नुकताच एका दीर्घ कवितेनं रातोरात प्रसिद्ध झालेला. पहिलं पत्र तिनं पाठवलं, तेही निनावी, हे खरं. ती नोकर-पोऱ्याच्या वेशात त्याच्या घरी जायची, हेही खरं. पण तो मागे लागलेला नव्हता, हे कुणी सांगितलं? मन उडाल्यावर त्यानं तिचे किस्से कुणाला लिहावेत? तिच्या सासूला. लेडी मेलबर्न त्याची जिवाभावाची सल्लागार झाली, दोघांची पत्रं वाहत राहिली आणि १८१५ मध्ये त्यानं लग्न केलं ते याच सासूच्या भाचीशी. साधारण वर्षभरानं तीही मुलीला घेऊन घर सोडून गेली, हे फॉरवर्डमध्ये अर्थातच नाही. कॅरोलाइनच्या ‘वेडा’चे मुख्य साक्षीदार असे: सोडून गेलेला प्रियकर आणि सासू. ताई, आपल्याकडे कुठल्या सुनेबद्दल एवढ्या दोघांच्या शब्दावर तू निकाल दिला असतास का?

‘वेडा, वाईट आणि ओळख ठेवायला धोकादायक’ हे शब्द फॉरवर्डनं बायरनच्या तोंडी घालून कॅरोलाइनला चिकटवलेत. आख्यायिका बरोबर उलटी आहे. ते तिनं त्याच्याबद्दल म्हटले, असं सांगतात. आणि तेही येतं कुठून? लेडी मॉर्गन या लेखिकेच्या आठवणींतून. त्या छापल्या गेल्या १८६२ मध्ये, तेव्हा बायरन आणि कॅरोलाइन दोघांनाही जाऊन तीसहून जास्त वर्षं उलटली होती.

१८१३ मध्ये एका बॉलमध्ये, म्हणजे नाचाच्या समारंभात, तिनं स्वतःला जखम करून घेतली. कुणी म्हणतं सुरीनं, कुणी म्हणतं फुटक्या ग्लासानं. त्याआधी ब्रॉकेट हॉल या सासरच्या वाड्याच्या आवारात होळी पेटवून बायरनची प्रतिमा जाळली, गावातल्या मुलींना पांढरे कपडे घालून भोवती नाचवलं. तमाशा होता, मान्य. रागाच्या भरात एका नोकर पोराच्या डोक्यात तिनं चेंडू मारला असंही सांगतात आणि त्यात मला काही कौतुकाचं दिसत नाही. तिच्या बंडाचा ताप घरातल्या नोकरांनाही झाला. पण याच प्रकारानंतर सासरच्यांनी तिला वेगळं काढायची तयारी चालवली, तेव्हा तिनं काय केलं? कादंबरी छापली.

मे १८१६, ‘ग्लेनार्व्हन’, तीन खंड, लेखिकेचं नाव नाही. लंडनला नाव ओळखायला एक दिवसही लागला नसेल. प्रती हातोहात खपल्या, नव्या आवृत्त्या काढाव्या लागल्या. नवरा, सासर, ज्या बैठकींत ती वाढली त्या बैठकींच्या यजमानीणबाई, सगळे त्यात होते आणि कुणाचीच गय नव्हती. बायरनचं निरोपाचं पत्रही तिनं कथेत घातलं. लेडी जर्सीनं तिचं ऑलमॅक्स या बड्या लोकांच्या क्लबमधलं नाव काढून टाकलं, म्हणजे त्या वर्तुळातून हद्दपारीच. फॉरवर्डवाल्याला जी ‘त्या काळच्या साहित्यात नाही’, ती बाई याच पुस्तकात आहे: एलिनॉर सेंट क्लेअर, उच्च घराण्यातली, १७९८ च्या आयरिश उठावात उतरलेली. पाठलाग होतो तेव्हा ती घोड्यासकट कड्यावरून समुद्रात उडी घेते. हे कुठल्या मालिकेत दाखवलं असतं तर हाच माणूस ‘अतिरंजित’ म्हणाला असता.

पुस्तकातल्या खलनायकाचं एक नाव रुथव्हेन. तीन वर्षांनी बायरनच्याच डॉक्टरची, पॉलिडोरीची, ‘द व्हॅम्पायर’ छापून आली, त्यातल्या रक्तपिपासू लॉर्डचं नाव हेच. पुढच्या सगळ्या सभ्य, देखण्या, उमराव व्हॅम्पायरांची वंशावळ तिथून निघते. वेड्या बाईच्या नावावर एवढं पुष्कळ झालं.

फॉरवर्डमधलं सगळ्यांत हलकट वाक्य म्हणजे ‘तिनं स्वतःच्या आजारी मुलाकडेही पाहिलं नाही’. मुलगा ऑगस्टस, जन्म १८०७. त्याला फिट्स यायच्या, बुद्धीची वाढ खुंटलेली. त्या काळात मोठ्या घरांतून अशी मुलं बाहेर कुठेतरी ठेवून दिली जात. कॅरोलाइननं त्याला घरीच ठेवलं. हे वाक्य लिहिणाऱ्याला काय म्हणावं, ते मी इथे लिहीत नाही.

वुलस्टनक्राफ्टचा मुद्दा. आयर्लंडमध्ये कॉर्कजवळ मिचेल्सटाउनच्या किल्ल्यात ती किंग घराण्याच्या मुलींची गव्हर्नेस होती, १७८६-८७ मध्ये, वर्षभरसुद्धा नाही. दहा वर्षांनी त्यांतली धाकटी मेरी किंग एका विवाहित नातलगाबरोबर पळाली आणि ‘बघा, शिकवणीचा परिणाम’ अशी बोंब उठली. शिकवणीच्या वेळी मेरी सहा-सात वर्षांची होती. पळून जाण्यानं घराणं बुडालं म्हणतात, पण गोळी कुणी झाडली? बापानं. डिसेंबर १७९७ मध्ये किंग्स्टनच्या अर्लनं त्या माणसाला ठार मारलं. १७९८ मध्ये आयरिश लॉर्डांच्या सभेपुढे खटला चालला, विरुद्ध साक्ष द्यायला कुणी आलं नाही आणि अर्ल निर्दोष सुटला. फॉरवर्डच्या हिशेबात दोष कुणाचा, तर बाळंतपणात तीन महिन्यांपूर्वी वारलेल्या मास्तरीणबाईंचा.

थोरली मार्गारेट मात्र खरोखर त्या शिकवणीनं घडली, हे मी कबूल करते. माउंट कॅशेलच्या अर्लची बायको असून ती आयरिश क्रांतिकारकांच्या बाजूची होती. पुढे नवरा सोडून दुसऱ्या माणसाबरोबर इटलीत पिसाला राहिली, तिथे नाव घेतलं मिसेस मेसन. वुलस्टनक्राफ्टनं मुलांसाठी लिहिलेल्या गोष्टींतल्या शिक्षिकेचं ते नाव. तिनं तरुण आयांसाठी आरोग्याचं पुस्तक लिहिलं आणि वुलस्टनक्राफ्टच्या मुलीला, ‘फ्रँकेन्स्टाइन’वाल्या मेरी शेलीला, तिचा मोठा आधार होता. याला बुडणं म्हणायचं असेल तर म्हणा.

अर्धं खरं एका ठिकाणी आहे. आजच्या मालिकांत नायिका आईला चार शब्द सुनावते आणि शेवटच्या भागात ड्यूकही मिळवते. हे खोटं आहे. एजवर्थनं लेडी डेलाकूरला शेवटी सुधारून घरी आणलं, एलिनॉर मेली. खोटं बंड नाही, फुकटात पार पडलेलं बंड खोटं आहे.

कारण कायदा. इंग्लंडमध्ये १८५७ पर्यंत पुन्हा लग्न करता येईल असा घटस्फोट हवा तर पार्लमेंटमध्ये खास विधेयक मंजूर करून घ्यावं लागे. बाईला तो पहिल्यांदा मिळाला १८०१ मध्ये आणि १८५७ पर्यंत असं यश मिळालेल्या बायका एकूण चार. होय, चार. नवरा बायकोच्या प्रियकरावर भरपाईचा दावा लावू शके आणि त्या खटल्यात बायकोला स्वतःची बाजू मांडायचीही सोय नव्हती. १८३६ मध्ये असा दावा खुद्द विल्यम लॅमवर, म्हणजे तेव्हाच्या पंतप्रधानांवर, लागला. बाई होती कॅरोलाइन नॉर्टन, ही दुसरी कॅरोलाइन. ज्युरीनं दावा फेटाळला, तरी तिची तिन्ही मुलं नवऱ्याकडेच राहिली. ती लिहीत, भांडत राहिली आणि १८३९ मध्ये मुलांच्या ताब्याचा कायदा आला: सात वर्षांखालच्या मुलांसाठी आई निदान अर्ज करू शकेल. त्यातही जिच्यावर व्यभिचार शाबीत झाला तिला वगळलेलं. मार्गारेटनं घर सोडलं तेव्हा तिची मुलं नवऱ्याकडे गेली होती. हा कायदा तिच्या हयातीत आला असता, तरी तिच्या कामाचा नव्हता.