तिसरं कुठंय?

"कुठलंही घ्या हो ताई, सगळ्यात खूनच आहे."

गेल्या दोन महिन्यांत हे वाक्य मी तीन वेगवेगळ्या माणसांच्या तोंडून ऐकलंय. चौथ्याने म्हटलं तर पुढच्या पुस्तकाला विषय मी पुरवेन.

सगळ्यात खूनच आहे, हे मला माहीत आहे! रहस्यकथांची मालिका वाचायला घेतलीये, पाककृती नाही. पण मी खुनासाठी वाचत नाहीये, हे आमच्या नाशकात कोणाला कसं समजावू? मी वाचतेय त्या दोघांसाठी. कॉर्मोरन स्ट्राइक, अफगाणिस्तानात एक पाय गमावून आलेला लष्करी पोलीस, आता लंडनच्या डेन्मार्क स्ट्रीटवर खासगी गुप्तहेर, खिशात दमडी नाही. आणि रॉबिन एलाकॉट, एजन्सीने तात्पुरती म्हणून पाठवलेली सेक्रेटरी, जी तिथेच चिकटते आणि हळूहळू त्याच्या बरोबरीची होते. लेखक रॉबर्ट गॅलब्रेथ, म्हणजे टोपणनाव घेतलेल्या आपल्या हॅरी पॉटरवाल्या रोलिंगबाई. पहिलं पुस्तक २०१३ चं, आठवं २०२५ चं. प्रत्येक पुस्तकात खुनी सापडतो आणि ती केस मिटते. या दोघांचं मात्र काहीच मिटत नाही. कोण कोणाला काय बोललं, कोणी कोणाचा फोन उचलला नाही, हे सगळं पुढच्या पुस्तकात व्याजासकट येतं. मग ते "कुठलंही" कसं घ्यायचं? मालिका बघताना सोमवारचा भाग सोडून गुरुवारचा बघता का तुम्ही?

आमच्या कॉलनीतल्या वाचनालयात पहिलं आहे, चौथं आहे, पाचवं आहे. दात पडलेल्या पोराच्या जबड्यासारखी ओळ. दुसरं मी पुण्याच्या मैत्रिणीकडून मागवलं. राहिलं तिसरं, 'करिअर ऑफ इव्हिल', जे कोणा सभासदाने गणपतीत नेलंय आणि अजून आणलेलं नाही. दर शनिवारी अंबडहून सुटल्यावर, द्वारका चौकातल्या ट्रॅफिकमध्ये अर्धा जीव घालवून मी तिथे पोचते आणि काउंटरवरचे काका चष्म्यावरून बघत म्हणतात, "बाहेर आहे." अहो, बाहेर आहे हे मलाही कळतंय, तीन महिने झाले! फोन करा ना त्या माणसाला! "ते जुने सभासद आहेत, त्यांना काय बोलायचं." म्हणजे जुन्या सभासदाने पुस्तक दिवाळीच्या फराळासोबत खाऊन टाकलं तरी चालेल. वर मलाच सल्ला, "तोवर चौथं न्या की. चांगलं जाड आहे."

आणि मी नेलं. हो, नेलं. दिवाळीच्या सुट्टीत वाचायला काही नव्हतं, मनाला बजावलं की नुसतं चाळायचं. पहिलं पान उघडलं तर लग्न! फोटोग्राफर तळ्यातल्या हंसांची वाट बघत ताटकळलाय आणि आख्खं वऱ्हाड उभं. तिसऱ्याची शेवटची पानं आणि चौथ्याची सुरुवात एकाच दिवसातली आहे. म्हणजे बाईंनी २०१५ साली ज्या क्षणाला वाचकाला लटकवून ठेवलं आणि २०१८ पर्यंत लोकांना ताटकळवलं, तो क्षण मला दोन मिनिटांत, चकलीचा तुकडा तोंडात असताना, फुकट कळला. (कोणाचं लग्न ते विचारू नका. तुमच्यापैकी एखाद्याचं तरी वाचायचं असेल. लग्न आहे एवढंही सांगायला नको होतं खरं तर, पण आता बोलून गेले.) पुस्तक मिटलं, उशीखाली ठेवलं, तरी गेलेलं परत येतं का?

घरी बाबांपुढे रडगाणं गायले तर ते हसत बसले. "आम्ही झुंजार कुठूनही वाचायचो. काळापहाड तर मिळेल तो. मागचं वाचलं नाही म्हणून पुढचं कधी अडलं नाही." बाबांच्या तरुणपणी रविवार कारंजाजवळ भाड्याने पुस्तकं मिळायची, एका रात्रीत संपवून सकाळी परत. झुंजार, काळापहाड हे नायक उभे करणाऱ्या बाबूराव अर्नाळकरांनी हजारावर रहस्यकथा लिहिल्या, त्या क्रमाने वाचायच्या ठरवल्या तर माणसाला पेन्शनसुद्धा पुरायची नाही, हे मान्य. शेरलॉक होम्स आणि त्याचा मित्र वॉटसन, त्यांचंही बरंचसं तसंच आहे. कॉनन डॉइलने १८९३ मध्ये होम्सला धबधब्याच्या दरीत ढकललं, लोकांनी उच्छाद मांडल्यावर १९०१ मध्ये त्याच्या मागच्या काळातली बास्करव्हिलची गोष्ट काढली आणि १९०३ मध्ये त्याला चक्क जिवंत करून परत आणलं. बास्करव्हिल आधी वाचलं म्हणून कोणाचं काही बिघडत नाही. पण १९०३ ची गोष्ट १८९३ च्या आधी वाचून बघा! ज्याच्यासाठी वॉटसनबरोबर रडायचं, तो पुढे दारात येऊन उभा राहणार हे आधीच ठाऊक. बाबा म्हणाले, "तो परत येतो हे सगळ्या जगाला ठाऊक आहे." मुद्दा तो नाही ना!

यावरून आठवलं. मागे किलोवर पुस्तकं विकणारं प्रदर्शन लागलं होतं. तिथे माझ्या शेजारी एक कॉलेजची मुलगी ॲगाथा ख्रिस्तीचं काय घेऊ विचारत होती. विक्रेत्याने तिच्या हातात 'कर्टन' ठेवलं. "हे पातळ आहे, सुरुवातीला बरं." अहो! 'कर्टन' म्हणजे पडदा! पडदा पडतानाचा! ख्रिस्तीच्या गुप्तहेर पॉयरोची शेवटची केस! बाईंनी दुसऱ्या महायुद्धाच्या काळात लिहून कुलपात ठेवलेलं आणि १९७५ मध्ये बाहेर काढलेलं. पॉयरो आणि त्याचा मित्र हेस्टिंग्ज १९२० च्या पहिल्या पुस्तकात ज्या स्टाइल्स नावाच्या घरात काम करतात, त्याच घरात म्हातारे होऊन परत येतात. पहिलं वाचलेलंच नसेल तर त्या पोरीला ते घर म्हणजे काय, नुसत्या चार भिंती. मी मध्ये पडले, ते तिच्या हातातून काढून घेतलं. ती माझ्याकडे वेडीकडे बघावं तशी बघत होती. विक्रेता म्हणाला, "मॅडम, वजन सारखंच आहे."

ऑनलाइन मागवून बघितलं. तिसरं मागवलं, चौथं आलं. परत केलं, पुन्हा चौथंच आलं. हे चौथं माझ्या मागे हात धुऊन लागलंय.

आणि आमचा आतेभाऊ. त्याने एक पान वाचलेलं नाही, २०१७ पासून बीबीसीने काढलेली मालिका तेवढी बघितलीये. रविवारी गंगापूर रोडला मिसळ खायला गेलो, पहिला पाव मोडला नाही तोवर म्हणतो, "अगं, तू अजून तिसऱ्यावर? मग तुला माहीतच नसेल की पाचव्यात ती दोघं..." मी कानात बोटं घातली. रश्श्याची बोटं, कानात. आख्खं हॉटेल बघत होतं. पुढे तो काय बोलला ते मला अजूनही माहीत नाही आणि तेवढा एकच विजय या दोन महिन्यांत माझ्या पदरात आहे.

मला एक सांगा, पुस्तकाच्या कण्यावर एक आकडा छापायला किती शाई लागते? माझ्या हातातल्या एकाही प्रतीवर तो नाही. आमच्याकडे परदेशी जाणाऱ्या द्राक्षाच्या पेटीवरून ती कोणत्या बागेतली हे शोधता येतं. दुधाच्या पिशवीवर तारीख असते. आणि विटेएवढ्या पुस्तकावर, ज्यात माणूस आपले पंधरा-पंधरा दिवस घालतो (माझं इंग्रजी मराठी शाळेतलं आहे, मला वीस लागतात), ते कितवं आहे एवढं लिहीत नाहीत? आतल्या पानावर बारीक अक्षरात लेखकाच्या पुस्तकांची यादी असते, तीवरून आपणच शोध लावायचा. आम्हीही तपासच करायचा म्हणजे.

म्हणून गेल्या शनिवारी मी वाचनालयाच्या तिन्ही प्रतींवर, पहिल्या कोऱ्या पानावर, पेन्सिलीने सुवाच्य अक्षरात लिहून आले: "हे चौथं आहे. आधी तिसरं वाचा." ज्याचा त्याचा आकडा. काल गेले तर काकांनी तिन्ही खोडून ठेवलेलं. वर मलाच, "ताई, वाचनालयाच्या पुस्तकावर लिहायचं नसतं. जुन्या सभासदांची तक्रार आली." आणि तिसरं? "बाहेर आहे."

आज पर्समध्ये पेन घेऊन चाललेय. निळं. खोडून दाखवा.